खुर्ची आणि खडू



हा अंक पंधरा दिवस उशिरा तुमच्या हातात पडतोय. पैसे नव्हते, हे कारण नेहमीचंच. ते आता कारणही राहिलेलं नाही, ती आपली प्रकृती झालीय. या वेळचं कारण दुसरं. या पानावर फोटो कुणाचा छापायचा, यावरून आपल्यातच जुंपली.

प्रकरण असं आहे. वॉर्डाच्या येत्या निवडणुकीला आपले दोन जण उभे राहायचं म्हणतात. एक विद्यापीठात तासिका तत्त्वावर शिकवतो. पगार चार-चार महिने होत नाही, पण 'सर' म्हणवून घ्यायची सवय लागलीय. बोलायला उभा राहिला की सभा गप्प होते. दुसरा वस्तीतून कधी बाहेरच पडला नाही. नळ, रेशनकार्ड, पोलीस चौकी, मयत – सगळीकडे तोच पुढं. दहावी नापास. दोघांनी एकाच मोर्चात लाठ्या खाल्ल्यात. दोघांनी एका ताटात खाल्लंय. आणि आता दोघांची पोरं वेगवेगळ्या टपऱ्यांवर चहा पितात. परवा दोघंही एका पाठोपाठ एक माझ्या खोलीवर येऊन गेले. म्हणणं एकच – "दादा, अंकात आपला फोटो यायला पाहिजे. तुम्ही कुणाच्या बाजूनं ते एकदा छापून टाका."

मी दोघांनाही चहा पाजला आणि वाटेला लावलं. रविवारी अभ्यासवर्गात एका पोरानं मला नेमकं पकडलं. म्हणाला, "आपण विधानसभेत जायचं, विद्यापीठात जायचं, की रस्त्यावरच राहायचं? काय ते एकदा सांगा. नाहीतर आम्ही फुकट सतरंज्या उचलतोय."

त्या पोराला तिथल्या तिथं उत्तर देता आलं नाही. ते आता देतोय. त्यासाठी एका माणसाची गोष्ट सांगणार आहे. माणूस आपल्या जातीचा नाही, देशाचा नाही. पण त्याचं नाव ऐकून घ्या : ज्युलियन बाँड. अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्याचा आमदार. आणि प्रोफेसर.

आपण पँथर हा शब्द छातीवर मिरवतो. १९७२ साली मुंबईत दलित पँथर झाली तेव्हा नाव कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या ब्लॅक पँथरवरून घेतलं, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. पण ओकलंडच्या पोरांनी १९६६ साली ते कुठून घेतलं? अलाबामा राज्यातल्या लाउंड्स काउंटीतून. तिथं वस्ती बहुसंख्य काळ्यांची. आणि १९६५ च्या सुरुवातीला मतदारयादीत काळं नाव एकही नाही! एकही! तिथल्या लोकांनी स्वतःचा पक्ष काढला. पुष्कळांना वाचता येत नाही म्हणून तिकडेही आपल्यासारखंच निवडणूक चिन्ह लागायचं. राज्यातल्या डेमोक्रॅटिक पक्षाचं चिन्ह पांढरा कोंबडा. आपल्या माणसांनी काळा पँथर घेतला. म्हणजे दोस्तांनो, पँथर आधी मतपत्रिकेवर आला, मग रस्त्यावर. निवडणूक म्हणजे विटाळ असं मानणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं. आणि निवडणूक म्हणजेच सगळं असं मानणाऱ्यांनी हेही ध्यानात ठेवावं, की १९६६ च्या त्या निवडणुकीत पँथरचे उमेदवार पडले.

लाउंड्समध्ये त्या लोकांबरोबर राबणारी पोरं स्टूडंट नॉनव्हायोलंट कोऑर्डिनेटिंग कमिटी या संघटनेची होती. तिला सगळे 'स्निक' म्हणायचे. आणि या स्निकचं प्रसिद्धीचं काम ज्युलियन बाँडकडे होतं.

हा बाँड झोपडपट्टीतून आलेला नव्हता. हे आधीच सांगतो, नाहीतर उद्या कुणीतरी म्हणेल संपादकानं लपवलं. आजोबा जेम्स बाँड गुलामीत जन्मलेले. (हसू नका. सिनेमातल्या गोऱ्या हेराच्या कितीतरी आधी हा काळा जेम्स बाँड होऊन गेला.) गुलामाचं पोर शिकून पदवीधर झालं. त्याचा मुलगा होरेस मान बाँड कॉलेजचा अध्यक्ष झाला. त्याचा मुलगा ज्युलियन, जन्म १४ जानेवारी १९४०. तीन पिढ्यांत गुलामगिरीतून कॉलेजच्या बंगल्यात. घरी पाहुणे यायचे ते पॉल रोबसन आणि डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांच्यासारखे. बापानं तर ज्युलियन लहान असताना ड्यू बॉइसच्या समोर छोटासा विधी करून पोराला विद्येच्या हवाली करून टाकलं होतं. हाच तो ड्यू बॉइस, ज्याला १९४६ साली बाबासाहेबांनी पत्र लिहिलं. काळ्यांनी युनोकडे जो अर्ज केला होता त्याच्या प्रती मागवल्या. जगातले तळचे लोक एकमेकांचा पत्ता शोधत होते, तेव्हाची ही गोष्ट.

पण विद्येच्या हवाली केलेलं हे पोर विद्या सोडून पळालं! १९५७ साली अटलांटाच्या मोरहाउस कॉलेजात दाखल झालं. १ फेब्रुवारी १९६० ला ग्रीन्सबरो गावात चार काळी पोरं गोऱ्यांच्या हॉटेलात काउंटरवर जाऊन बसली आणि उठेनात. सहा आठवड्यांत ती ठिणगी अटलांटात आली. बाँड आणि त्याच्या दोस्तांनी आधी पेपरात जाहीरनामा छापला आणि १५ मार्चला शहरभर एकदम बैठा सत्याग्रह केला. बाँड सिटी हॉलच्या कँटीनमध्ये बसला. सरकारी कँटीन, सगळ्यांच्या कराच्या पैशावर चाललेलं, आणि काळ्याला तिथं बसायला बंदी. महाडचं तळं आठवलं ना? मलाही आठवलं. पोलिसांनी उचलून आत टाकलं. एप्रिलमध्ये एला बेकर नावाच्या बाईनं या सगळ्या पोरांना एकत्र बोलावलं आणि स्निक उभी राहिली. मोठ्या पुढाऱ्यांच्या मागं जाऊ नका, स्वतःची संघटना स्वतः चालवा, हे त्या बाईचं सांगणं. आपल्याकडे अशा बाईला सभेत पाणी द्यायला उभं करतात.

१९६१ साली बाँडनं डिग्री अर्धवट टाकली. त्याआधी एक गंमत झाली. मोरहाउसमध्ये मार्टिन ल्यूथर किंगनं एक वर्ग घेतला. जेमतेम आठ विद्यार्थी. त्यात बाँड होता. ही गोष्ट डोक्यात ठेवा, पुढं लागेल.

स्निकमध्ये तो काय करायचा? आपण करतो तेच. 'द स्टूडंट व्हॉइस' नावाचं संघटनेचं पत्र काढायचा. कुठल्या खेड्यात कुणाला मारलं, कुणाचं घर जाळलं, कुणाला मतदारयादीत नाव घालायला गेला म्हणून कामावरून काढलं – ते नाव, गाव, तारखेनिशी लिहून पेपरांकडे पाठवायचा. पेपर छापत नसत. पुन्हा पाठवायचा. अंक काढणाऱ्या पोरांनी स्वतःला किरकोळ समजू नये. मारणाऱ्याला अंधार लागतो. बातमी म्हणजे त्याच्या तोंडावर मारलेली बॅटरी.

आता खुर्चीकडे येऊ.

१९६४ साली तिकडच्या सुप्रीम कोर्टानं सांगितलं, मतदारसंघ लोकसंख्येप्रमाणे आखा. तोवर ओसाड खेड्यातल्या मूठभर गोऱ्यांच्या मताला शहरातल्या हजारो काळ्यांपेक्षा जास्त वजन होतं. नवी आखणी झाली आणि अटलांटात काळ्यांच्या वस्तीचे मतदारसंघ निघाले. १९६५ साली बाँड उभा राहिला. वय पंचवीस. घरोघर फिरला, दारं वाजवली, लोकांना विचारलं – तुम्हाला काय पाहिजे? शंभरातली ब्याऐंशी मतं घेऊन निवडून आला.

शपथविधी १० जानेवारी १९६६ ला. त्याआधी आठवडाभर काय झालं बघा. ३ जानेवारीला अलाबामातल्या टस्कीगी गावात सॅमी यंग नावाचा स्निकचा विद्यार्थी पेट्रोल पंपावर लघवीला गेला. संडास गोऱ्यांचा. वाद झाला आणि पंपवाल्यानं त्याला गोळी घालून ठार केलं. एकवीस वर्षांचं पोर. नौदलात नोकरी करून आलेलं. देशासाठी चाकरी करायची आणि देशातल्या संडासात जायचं नाही! ६ जानेवारीला स्निकनं पत्रक काढलं : व्हिएतनाममध्ये कुणाच्या स्वातंत्र्यासाठी लढताय? आधी इथलं द्या. जे सैन्यात जायला नकार देतात त्यांच्या पाठीशी आम्ही आहोत.

बाँडला विचारलं, हे पत्रक तुम्हाला मान्य आहे का? चार दिवसांवर शपथ. पहिल्यांदाच मिळालेली आमदारकी. त्या जागी आपला एखादा असता तर म्हणाला असता, "पत्रक मी अजून वाचलेलं नाही, वाचून बोलतो." बाँड म्हणाला, मान्य आहे.

झालं. जॉर्जियाच्या सभागृहाचं रक्त उसळलं. हा देशद्रोही, राज्यघटनेची शपथ याला घेताच येणार नाही! १८४ विरुद्ध १२ मतांनी त्याला दारातच अडवलं. शंभरातली ब्याऐंशी मतं एका दुपारी केराच्या टोपलीत. लोकांनी दिलेली खुर्ची सभागृहानं काढून घेतली. कायद्याचं कलम दाखवून काढली. खुर्ची काढून घेणारे नेहमी कलम दाखवतात, हे आपल्याला काही नवीन नाही.

बाँड कोर्टात गेला. किंग त्याच्याच मतदारसंघात राहायचा, तोही मतदार म्हणून वादी झाला. मास्तर आणि विद्यार्थी एका अर्जावर. खालच्या कोर्टात दोन विरुद्ध एक मतानं हरले. मधे रिकाम्या जागेची पोटनिवडणूक लावली. लोकांनी पुन्हा बाँडलाच निवडून दिलं. सभागृहानं पुन्हा बाहेर ठेवलं. नोव्हेंबरमध्ये तिसऱ्यांदा निवडून आला. शेवटी ५ डिसेंबर १९६६ ला सुप्रीम कोर्टानं एकमतानं निकाल दिला : लोकप्रतिनिधीला सरकारच्या धोरणावर बोलण्याची पूर्ण मोकळीक असली पाहिजे, शपथेचं निमित्त करून त्याचं तोंड बंद करता येणार नाही. बाँड विरुद्ध फ्लॉइड. वकिली शिकणाऱ्या पोरांनी हा निकाल वाचून काढावा.

९ जानेवारी १९६७ ला बाँड सभागृहात बसला. आणि दुसऱ्याच दिवशी त्याच विधिमंडळानं राज्याचा गव्हर्नर म्हणून कुणाला निवडलं? लेस्टर मॅडॉक्सला. हा हॉटेलवाला. काळे जेवायला आले म्हणून पिस्तूल काढून त्यांना हाकलणारा. जास्त मतं त्याला नव्हतीच. पण कुणालाच बहुमत नाही म्हणून निवड विधिमंडळाकडे गेली आणि आमदारांनी मॅडॉक्सच्या गळ्यात माळ घातली. कोर्टानं बाँडला खुर्ची दिली, सभागृह दिलं नाही. हा फरक ज्याला कळला त्याला संसदीय राजकारण कळलं.

म्हणून मी बाँडला मानतो ते तो निवडून आला म्हणून नाही. आत बसल्यावरही त्यानं बाहेरचं काम सोडलं नाही म्हणून. त्याच १९६७ साली या आमदारानं व्हिएतनाम युद्धावर चित्रकथा लिहिली! साध्या माणसाला कळेल अशी : युद्ध कुठं आहे, कुणाचं आहे, आणि त्यात काळी पोरंच एवढी का मरतात. आपल्या किती आमदारांनी लोकांना समजावं म्हणून चार पानं लिहिलीयत? वाढदिवसाच्या बॅनरचा मजकूर सोडून सांगा.

१९६८ च्या शिकागो अधिवेशनात तो मॅडॉक्सच्या प्रतिनिधींविरुद्ध दुसरे प्रतिनिधी घेऊन गेला आणि जॉर्जियाच्या निम्म्या जागा मिळवल्या. तिथं त्याचं नाव उपराष्ट्राध्यक्षपदासाठी पुकारलं गेलं. मोठ्या पक्षात काळ्या माणसाचं नाव या पदासाठी पुकारण्याची ही पहिलीच वेळ. त्यानं हसून नकार दिला. घटनेप्रमाणे वय पस्तीस पाहिजे आणि आपण अठ्ठावीसचे! १९७१ साली त्यानं राहिलेली बी. ए. पुरी केली. आमदार असताना. लाजला नाही. त्याच साली वर्णद्वेष्ट्या टोळ्यांना कोर्टात खेचणारं सदर्न पॉव्हर्टी लॉ सेंटर उभं करण्यात भाग घेतला आणि त्याचा पहिला अध्यक्ष झाला.

१९७५ पर्यंत खालच्या सभागृहात, तिथून १९८७ पर्यंत राज्याच्या सिनेटमध्ये. वीस वर्षं. तिकडे राज्याचं अधिवेशन वर्षाला चाळीस दिवसांचं. आमदारकी म्हणजे पोटाचा धंदा नव्हे. आमदारांमध्ये शेतकरी असतात, वकील असतात, मास्तर असतात. बाँड कॉलेजा-कॉलेजांतून व्याख्यानं देत फिरायचा, त्यावरच घर चालायचं. इथंच एक पाणी मुरायला लागलं. लोक म्हणू लागले, देशभर याचा आवाज घुमतो, वॉर्डात हा दिसत नाही. ही टीका खोटी होती असं मी म्हणणार नाही. भाषण करणाऱ्याला भाषणाचीच चटक लागते. आपल्या विद्यापीठवाल्या दोस्तानं हे वाक्य दोनदा वाचावं.

आता ज्या कारणासाठी ही गोष्ट काढली ते सांगतो. १९८६.

सिनेटमध्ये असताना बाँड एका गोष्टीसाठी भांडला : अटलांटात अमेरिकन काँग्रेससाठी काळ्यांच्या बहुमताचा एक मतदारसंघ झालाच पाहिजे. गोऱ्या आमदारांनी नकाशे फिरवले, प्रकरण कोर्टात गेलं, १९८२ साली आखणी बदलावी लागली. मतदारसंघ झाला. जागा निघाली. आणि १९८६ साली त्या एका जागेसाठी उभे राहिले दोघं. एक ज्युलियन बाँड. दुसरा जॉन लुइस.

लुइस कोण? अलाबामातल्या वाटेकरी शेतमजुराचा पोर. स्निकचा अध्यक्ष, १९६३ ते १९६६. सेल्माच्या पुलावर ७ मार्च १९६५ ला पोलिसांनी ज्याचं डोकं फोडलं तो. बाँडचा वीस-पंचवीस वर्षांचा जिगरी दोस्त. एक कॉलेज अध्यक्षाचा देखणा, वाक्यावाक्याला टाळी घेणारा मुलगा. एक बोलताना अडखळणारा, मार खाऊन उभा राहिलेला. एक प्रसिद्धी बघायचा, एक मार खायचा, आणि दोघं मिळून स्निक व्हायची.

पहिल्या फेरीत बाँड पुढं होता, पण निम्म्याच्या वर मतं नव्हती. दुसरी फेरी लागली. दिखाऊ नको, राबणारा पाहिजे, असा लुइसचा प्रचार. मग वादसभेत लुइसनं दोस्ताला आव्हान दिलं – मादक द्रव्यं घेत नाहीस तर चाचणी दे. सगळ्या शहरासमोर. विरोधी पक्षाच्या माणसानं नव्हे, वर्णद्वेष्ट्यानं नव्हे, ज्याच्याबरोबर चळवळीत उभं आयुष्य काढलं त्यानं. २ सप्टेंबर १९८६ ला निकाल लागला. लुइस जिंकला, थोडक्यात. काळ्यांची जास्त मतं बाँडला होती. गोऱ्यांनी जवळजवळ एकजात लुइसला दिली. काळ्यांसाठी भांडून मिळवलेल्या जागेवर दोन काळे दोस्त भांडले आणि निकाल लावला गोऱ्यांच्या मतांनी!

लुइस वाईट माणूस होता असं कुणी समजू नका. २०२० साली मरेपर्यंत, तेहतीस वर्षं, तो त्या जागेवर बसून लोकांच्या बाजूनं बोलला. प्रश्न चांगल्या-वाईटाचा नाहीच. दोघंही चांगले होते म्हणून तर जास्त दुखतं. चोर आणि साव भांडले तर आपण सावाच्या बाजूनं उभं राहतो. साव आणि साव भांडले की वस्ती फाटते.

आपल्याला हे सांगायला अटलांटाला जायला नको, हे मलाही कळतं. १९५७ साली रिपब्लिकन पक्ष झाला. फार वर्षं जायच्या आतच त्याचे दुरुस्त आणि नादुरुस्त झाले. कोट-टायवाले आणि धोतरवाले. १९७२ साली पँथर झाली, १९७४ ला फुटली. प्रत्येक वेळी दोन्हीकडची माणसं आपली होती, दोन्हीकडं त्याग होता. आणि प्रत्येक वेळी निकाल तिसऱ्यानं लावला. आपल्या भांडणाचा पंच कायम बाहेरचा. मग आपण पुतळ्यासमोर एकत्र येतो, वर्षातून एकदा, आणि वेगवेगळ्या स्टेजवर.

बाँड हरला. आमदारकी गेली, दोस्ती गेली, काही वर्षं वाईट गेली. वय सत्तेचाळीस. या वयात हरलेला पुढारी काय करतो? पक्ष बदलतो. महामंडळ मागतो. ज्याला शिव्या दिल्या त्याच्याच गाडीत मागच्या सीटवर बसतो.

बाँडनं खडू उचलला.

हार्वर्डला शिकवलं, वॉशिंग्टनच्या अमेरिकन युनिव्हर्सिटीत शिकवलं, आणि व्हर्जिनिया विद्यापीठात २०१२ पर्यंत वीसेक वर्षं इतिहास शिकवला. हे विद्यापीठ थॉमस जेफरसननं काढलेलं. सगळी माणसं समान जन्मतात असं लिहिणारा आणि शेकडो गुलाम बाळगणारा जेफरसन. त्याच्या विद्यापीठाच्या विटा गुलामांनी भाजल्या, गुलामांनी रचल्या. तिथं गुलामाचा नातू उभा राहून शिकवत होता : काळ्यांच्या चळवळीचा इतिहास. सूड म्हणतात तो हा.

आणि शिकवायचा काय? एक बाई बसमध्ये बसून राहिली, एक मोठा पुढारी उभा राहिला, मग गोऱ्यांना दया आली आणि सगळं ठीक झालं, या कथेची तो टर उडवायचा. त्याचं सांगणं : ज्यांची नावं कुठं छापून आली नाहीत, त्यांनी हे केलं. घरात पोरांना आसरा देणाऱ्या बाया, मतदारयादीत नाव घालायला गेले म्हणून जमीन गमावलेले शेतकरी, बस सोडून वर्षभर पायी चालणाऱ्या मोलकरणी. आपण स्वतः त्यात होतो, पण 'मी, मी' करायला तो वर्गात गेला नाही. किंगच्या आठ पोरांच्या वर्गात बसलेल्या पोरानं पुढं हजारो पोरांना शिकवलं. ती व्याख्यानं त्याच्या मागं २०२१ साली पुस्तक होऊन आली.

आणि शिकवता शिकवता स्वस्थ बसला नाही. १९९८ ते २०१० काळ्यांच्या जुन्या संघटनेचा, एन.ए.ए.सी.पी.चा, अध्यक्ष होता. समलिंगी माणसांच्या हक्कांसाठी उभा राहिला, तेव्हा आपल्याच समाजातल्या धर्मवाल्यांच्या शिव्या खाल्ल्या. २०१३ साली तेलाच्या पाइपलाइनविरुद्ध व्हाइट हाउसच्या कुंपणाशी अटक करवून घेतली. वय त्र्याहत्तर! वीस वर्षांचा असताना सिटी हॉलच्या कँटीनमध्ये अटक, त्र्याहत्तराव्या वर्षी व्हाइट हाउसच्या दारात अटक. मधली आमदारकी, मधली प्रोफेसरकी – ती दोन अटकांमधली नोकरी. १५ ऑगस्ट २०१५ ला गेला.

आता रविवारच्या पोराला उत्तर.

सभागृह, वर्ग की रस्ता – तुझा प्रश्नच चुकलाय, राजा. बाबासाहेब १९२७ साली मुंबईच्या कायदेमंडळात गेले, त्याच साली महाडला गेले. १९२८ साली सरकारी लॉ कॉलेजात शिकवायला लागले, १९३५ साली तिथले प्राचार्य झाले. १९३७ साली निवडून आले आणि त्याच वर्षी खोती मोडायचं बिल मांडलं, आणि प्राचार्यपद त्या वेळी त्यांच्याकडेच होतं. १९३८ च्या जानेवारीत कोकणचे शेतकरी मुंबईत मोर्चा घेऊन आले. सकाळी वर्ग, दुपारी सभागृह, संध्याकाळी कामगार मैदान. त्यांनी कधी विचारलं नाही, यातलं कुठलं एक धरू? तिन्ही धरली, कारण तिन्हीकडं एकच काम होतं. तू जिथं जाशील तिथून आपल्या माणसाला काय मिळेल, एवढंच विचार. जाशील कुठं, हे दुय्यम.

आणि आता तुम्ही दोघं.

मास्तर, तुझ्याकडं शब्द आहेत. ते शब्द ज्यांच्या अंगावरच्या वळांवरून आलेत त्यातला एक तुझ्यासमोर उभा आहे. आणि तू, दहावी नापास वाघा, 'हा काय पुस्तकी किडा' म्हणून जो तू हसतोस, तो नसता तर तुझ्या प्रत्येक अर्जाला साहेबानं केराची टोपली दाखवली असती. तुम्ही दोघं मिळून एक माणूस आहात. वेगवेगळे उभे राहिलात तर दोन अर्धे. अर्ध्या माणसाला कुणीही विकत घेतं.

अंकात फोटो कुणाचाच येणार नाही. संपादक म्हणून हा माझा निर्णय. याबद्दल काय शिव्या घालायच्या त्या खोलीवर येऊन घाला, चहा मिळेल. अर्ज भरायच्या आधीच्या रविवारी दोघांनी बुद्धविहाराच्या पटांगणात वस्तीसमोर बसायचं. वस्ती प्रश्न विचारेल. बाया आधी विचारतील. कोण उभा राहायचं ते वस्ती ठरवेल. बाहेरचा पक्ष नाही, बिल्डर नाही, मीसुद्धा नाही. दुसऱ्यानं त्याच संध्याकाळी पहिल्याचं पोस्टर चिकटवायचं, स्वतःच्या हातानं, खळ लावून.

आणि आणखी एक अट. विहाराच्या मागच्या खोलीत आपला वर्ग चालतो. फळा आहे, पंखा नाही. जो उभा राहणार नाही त्यानं तिथं दर रविवारी खडू धरायचा. मास्तर असेल तर घटना शिकवील, वाघ असेल तर रेशन ऑफिस आणि पोलीस चौकी शिकवील. त्याचंही पुस्तक व्हायला पाहिजे. आणि जो निवडून येईल त्यानं महिन्यातून एकदा तिथं यायचं. स्टेजवर नाही, खाली सतरंजीवर, पोरांच्या रांगेत. हिशेब द्यायचा, ऐकून घ्यायचं आणि निघताना सतरंजी स्वतः उचलायची.

खुर्ची पाच वर्षांनी जाते. कधी कधी १८४ विरुद्ध १२ नं एका दुपारीही जाते. बाँडची दोन्ही वेळा गेली, एकदा दुश्मनांनी काढली, एकदा दोस्तानं. पण वर्गातून उठलेलं पोर कुठल्या सभागृहाला ठराव करून काढता येत नाही.

रविवारी भेटू. वेळेवर या.

जय भीम.